पत्र कुणाच्या मार्फत?

आपल्या घरांतील जुनी पाकिटे चाळली तर पत्त्याच्या वरच्या ओळीत एक शब्द हमखास सापडतो : 'मार्फत'. मार्फत अमुक किराणा दुकान, मार्फत तमुक हॉटेल, मार्फत मुकादम, मार्फत हेडमास्तर. वस्तीतल्या घराला नंबर नव्हता, गल्लीला नाव नव्हते. म्हणून पत्र दुसऱ्याच्या दाराशी येई आणि तो देईल तेव्हा हाती पडे. नोकरीचे बोलावणे दुकानाच्या फळीवर आठ दिवस पडून राहिले आणि मुलाखतीची तारीख उलटून गेली, अशी एखादी हकिकत बहुतेक घरांत सांगितली जाते.

आता कागदाचे दिवस सरत आले. तारसेवा जुलै २०१३ मध्ये बंद झाली. २०२५ मध्ये रजिस्टर पोस्टही स्पीड पोस्टात विलीन झाले. शिष्यवृत्तीचा निरोप, प्रवेशाची यादी, नोकरीचे बोलावणे हे सारे ई-मेलवर येते. मुलामुलींचा पत्ता म्हणजे आता कुठल्यातरी संगणकातील टपालपेटी. पण त्या पेटीत पत्र कोण ठेवतो, कोण मोजतो, कोण काढून देतो? म्हणजेच हा नवा 'मार्फत' कोण? हा प्रश्न आम्हाला पावसाने विचारायला लावला.

आम्ही महाबळेश्वरचे. घरात आम्ही दोघे, दोन मुलगे आणि आमच्याकडेच वाढलेली पुतणी. थंडीत स्ट्रॉबेरीच्या वाफ्यांवर काम, उन्हाळ्यात हॉटेलच्या खोल्या आणि भटारखाना, आणि पावसाळा लागला की हाताला काम कमी. थोरल्याने डिप्लोमा केला आणि तो एका हॉटेलच्या कार्यालयात संगणक सांभाळू लागला. तिथे टेबलाखाली एक जुना संगणक होता. दर पेटीमागे दरमहा पैसे मोजायला नकोत म्हणून मालकांनी त्यालाच ई-मेलचा सर्व्हर केले होते. हॉटेलच्या कामगारांना आणि त्यांच्या घरच्यांना त्यावर पत्ते दिले होते. पुतणीने नर्सिंगचा कोर्स पुरा केला आणि इस्पितळांकडे अर्ज पाठवले, त्यांवर हाच पत्ता होता.

२०२१ चा जुलै महिना. एका इस्पितळातून फोन आला, "निवड झाली आहे, पत्र ई-मेलने पाठवतो. त्याची छापील प्रत घेऊन हजर व्हा." आणि २२ तारखेला आभाळ फाटले. २३ च्या सकाळपर्यंतच्या चोवीस तासांत महाबळेश्वरला ५९४ मिलिमीटर पाऊस पडला. आंबेनळी घाटात दरडी कोसळल्या, वीज गेली, फोनचे टॉवर बंद पडले. त्याच पावसात पाटण तालुक्यात आंबेघर, मिरगाव आणि ढोकावळे येथे दरडीखाली माणसे गेली. त्या दुःखापुढे आमच्या पत्राची काय कथा! पण ज्या घरात पहिल्यांदा कायमचा पगार येणार होता, त्या घराला ते पत्र मोठे होते.

चार दिवसांनी वीज आली. टेबलाखालचा संगणक सुरू झाला. पुतणीने पेटी उघडली तर पेटी रिकामी. जुनीही पत्रे नाहीत, नवेही नाही. तिच्या तोंडचे पाणी पळाले. थोरला रात्री उशिरापर्यंत कार्यालयात बसला आणि परत आल्यावर दारातूनच म्हणाला, "आई, पत्रं कुठं गेली नाहीत. नुसती यादी फाटलीय."

यादी फाटली म्हणजे काय, हे त्याने आम्हाला चुलीपाशी बसून समजावले. ते इथे सांगावेसे वाटते, कारण टपालपेटीचे सारे मर्म त्यात आहे.

आपण फोनवर जी पत्रांची रांग पाहतो ती पत्रे नसतात, ती पत्रांची यादी असते. पत्र सर्व्हरच्या डिस्कवर वेगळ्या फाइलीत असते. पूर्वीची पद्धत 'एमबॉक्स' नावाची. तीत एका माणसाची सगळी पत्रे एकाच लांबलचक फाइलीत एकाखाली एक चिकटवलेली असत. नवे पत्र कुठे सुरू होते हे कळावे म्हणून प्रत्येकाच्या आरंभी 'फ्रॉम' या शब्दाची ओळ. आता एखाद्याने मजकुरातच 'फ्रॉम'ने ओळ सुरू केली तर? तिथे सॉफ्टवेअर त्या ओळीपुढे एक कोनाची खूण घालून ठेवी, म्हणजे एका पत्राची दोन पत्रे होत नसत. एकजण लिहीत असला की फाइलीला कुलूप, बाकीच्यांनी थांबायचे. लिहिता लिहिता वीज गेली तर सगळीच गुंडाळी धोक्यात.

१९९० च्या दशकात डॅनिअल बर्नस्टाइन यांनी 'क्यूमेल' नावाच्या सॉफ्टवेअरसाठी दुसरी पद्धत काढली, तिचे नाव 'मेलडिर'. तीत प्रत्येक पत्राची वेगळी फाइल आणि पेटीला तीन कप्पे : 'टेम्प', 'न्यू' आणि 'कर'. आलेले पत्र आधी पहिल्या कप्प्यात पूर्ण उतरवून घ्यायचे. शेवटचे अक्षर लिहून झाले की मगच ते दुसऱ्या कप्प्यात सरकवायचे. वाचणाऱ्याने पेटी उघडली की ते तिसऱ्यात. म्हणजे दुसऱ्या कप्प्यात अर्धे पत्र कधी येतच नाही. एकतर ते पूर्ण असते, नाहीतर नसते. कुलपाचीही गरज नाही. टेबलाखालच्या संगणकात हीच पद्धत होती. २२ तारखेला दुपारी आलेले पत्र वीज जाण्यापूर्वी दुसऱ्या कप्प्यात सरकले होते आणि तिथे धडधाकट बसून होते.

मग फाटली ती यादी कुठली? पेटीत शेकडो पत्रे असली तर दरवेळी प्रत्येक फाइल उघडून पाहणे परवडत नाही. म्हणून सर्व्हर जवळ एक अनुक्रमणिका ठेवतो : कुणाचे पत्र, कोणत्या तारखेचे, वाचले की नाही. वीज अचानक गेली तेव्हा ही अनुक्रमणिका अर्धवट लिहिली गेली होती. थोरल्याने ती बाजूला काढून ठेवली आणि सर्व्हरला सांगितले, कप्पे पुन्हा मोज. त्याने मूळ फाइली वाचून नवी यादी तयार केली. पेटी भरली, पुतणीचे पत्र दिसले आणि तिने दुसऱ्या दिवशी ते छापून घेतले.

त्या चार दिवसांत जी पत्रे यायची होती तीही हळूहळू येऊ लागली. कारण समोरचा संगणक बंद असला तर पाठवणारा सर्व्हर पत्र टाकून देत नाही. निदान चार-पाच दिवस तो पुन्हा पुन्हा येऊन दार ठोठावतो, अशी या टपालाची रीत आहे. शहाणा पोस्टमनही दार बंद दिसले म्हणून पत्र ओढ्यात फेकत नाही.

आता हे मोजणे, सरकवणे, यादी पुन्हा करणे कोण करते? त्या संगणकावर चालणाऱ्या सर्व्हरचे नाव 'डव्हकॉट'. या इंग्रजी शब्दाचा अर्थ कबुतरखाना. दादरला कबुतरखान्याजवळून गेलेल्या आपल्या माणसांना तो वेगळा सांगायला नको. कबुतराने चिठ्ठी आणायची आणि कबुतरखान्याने ती खणात ठेवायची, असे ते नाव. फिनलंडच्या टिमो सिरायनेन यांनी २००२ साली तो पहिल्यांदा प्रसिद्ध केला.

या कबुतरखान्यात अनेक नोकर आहेत. एक बाहेरून आलेले पत्र आत ठेवतो. दुसरा फोनला यादी दाखवतो. तिसरा शोधून देतो. चौथा कालबाह्य पत्रांची झाडलोट करतो. पण पेटी कशी उघडायची हे यांतला प्रत्येकजण वेगळे शिकत नाही. ते ज्ञान एका सामाईक फाइलीत ठेवलेले असते. अशा फाइलींना 'लायब्ररी' म्हणतात. डव्हकॉटमधल्या या फाइलीचे नाव 'लिबडव्हकॉट-स्टोरेज'. त्यातले 'लिब' म्हणजे लायब्ररी आणि 'स्टोरेज' म्हणजे साठवण.

लायब्ररी म्हटले की आम्हाला भिलार आठवते. पाचगणी-महाबळेश्वर रस्त्याजवळचे हे आमच्या तालुक्यातले गाव ४ मे २०१७ रोजी 'पुस्तकांचे गाव' झाले. सुरुवातीला पंचवीस ठिकाणी, घरांच्या ओसऱ्यांवर, देवळात, शाळेत मिळून सुमारे पंधरा हजार पुस्तके मांडली गेली. कुणीही यावे, बसावे, वाचावे. पुस्तक एक, वाचणारे अनेक. संगणकातील लायब्ररी तशीच. फाइल एकच, तिचा उपयोग करणारी कामे अनेक. तिच्यात एक चूक दुरुस्त केली की सगळ्यांचे काम सुधारते आणि तिच्यात एक चूक राहिली की सगळ्यांचे बिघडते.

तिचे काम आपल्या कचेरीतल्या आवक-जावक कारकुनासारखे आहे. पत्र आले की तो आवक क्रमांक घालतो. हा क्रमांक चढत जातो आणि एकदा दिलेला क्रमांक पत्र फाडून टाकले तरी दुसऱ्या पत्राला मिळत नाही. म्हणून फोनला कळते की ४१२ पर्यंतची पत्रे आपण पाहिली आहेत, ४१३ पासून आणायची. नोंदवहीलाही स्वतःचा क्रमांक असतो. वही बदलली की तो बदलतो. मग फोनने जुने सगळे क्रमांक विसरून नव्याने मोजायचे. आपण पत्र पुसले तरी ते त्या क्षणी जात नाही. त्यावर आधी 'पुसायचे' अशी खूण होते, नंतर सफाई होते. हे नियम डव्हकॉटने एकट्याने ठरवलेले नाहीत. ते 'आयमॅप' नावाच्या सर्वमान्य भाषेचे नियम आहेत. म्हणून कोणत्याही कंपनीचा फोन कोणत्याही सर्व्हरशी बोलू शकतो.

ही भाषा ज्यांनी घडवली त्यांची हकिकत ऐकण्यासारखी आहे. मार्क क्रिस्पिन यांनी १९८६ साली अमेरिकेत स्टॅनफर्ड विद्यापीठात आयमॅपची सुरुवात केली. पुढे वॉशिंग्टन विद्यापीठात वीस वर्षे काम करताना त्यांनी 'सी-क्लायंट' नावाची लायब्ररी लिहिली आणि ती जगाला दिली. 'पाइन' नावाचा पत्रे वाचण्याचा कार्यक्रम तिच्यावरच उभा होता.

आपल्या राज्याशीही तिचा धागा आहे. १९८६ साली भारत सरकारच्या इलेक्ट्रॉनिक्स विभागाने संयुक्त राष्ट्रांच्या विकास कार्यक्रमाच्या मदतीने 'एर्नेट' प्रकल्प सुरू केला आणि १९८७ साली मुंबईत जुहूचे राष्ट्रीय सॉफ्टवेअर केंद्र व पवईची आय.आय.टी. यांच्यात टेलिफोनच्या तारेवरून ई-मेल जाऊ लागली. सामान्य माणसाला इंटरनेट मिळाले ते १५ ऑगस्ट १९९५ पासून, विदेश संचार निगमाकडून. त्या काळी स्वस्तातले खाते घेणाऱ्याच्या पडद्यावर चित्रे नसत, नुसती अक्षरे असत. ती माणसे पाइन उघडून पत्रे वाचत. त्यांच्या प्रत्येक पत्रामागे सी-क्लायंट राबत होती, हे त्यांतल्या किती जणांना ठाऊक असेल?

२००८ साली विद्यापीठाने क्रिस्पिन यांना कामावरून कमी केले. डिसेंबर २०१२ मध्ये ते वारले. लायब्ररी मात्र जगभर चालूच होती. संकेतस्थळे बनवण्याच्या 'पीएचपी' भाषेत टपालपेटी उघडण्याची सोय याच सी-क्लायंटवर टेकलेली होती. पण तिची निगा राखणारे कुणी उरले नाही. अखेर नोव्हेंबर २०२४ मध्ये आलेल्या पीएचपीच्या ८.४ या आवृत्तीतून ती सोय वेगळी काढण्यात आली.

आपण हातावर पोट असणारी माणसे आहोत. ज्याच्या कष्टावर सगळे उभे असते तोच कुणाला दिसत नाही, हे आपल्याला कुणी शिकवायला नको. हॉटेलातल्या पाहुण्याला ताट दिसते, भटारखाना दिसत नाही. संगणकाच्या जगातही भटारखाना आहे आणि तिथलाही माणूस एका सकाळी कामावरून कमी होतो.

निगा का लागते, याचे एक उदाहरण. ऑगस्ट २०१९ मध्ये अमेरिकेतील दोन संशोधकांनी डव्हकॉटमधली एक खोट शोधून काढली. सर्व्हरला येणाऱ्या ओळीत 'शून्य' मूल्याचे एक अक्षर घुसवले तर सर्व्हर आपल्या हद्दीबाहेरच्या जागेत लिहू लागे, आणि तेही पासवर्ड न विचारता. म्हणजे कुलूप न तोडता दार किलकिले करण्यासारखे. खोट कळताच दुरुस्त आवृत्ती निघाली. ज्यांनी ती चढवली ते सुरक्षित झाले, ज्यांनी 'चाललेय ना, मग हात कशाला लावायचा' म्हटले त्यांच्या पेट्या उघड्या राहिल्या. पावसाळ्याआधी छपराचा पत्रा तपासतो तशी ही कामे वेळेवर करावी लागतात.

त्या रात्रीची आणखी एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. थोरल्याने पत्राची मूळ फाइल आमच्यासमोर उघडली तेव्हा आम्ही घाबरलोच. पत्र मराठीत होते आणि फाइलीत एकही मराठी अक्षर नव्हते. नुसती इंग्रजी अक्षरे, आकडे आणि बरोबरची चिन्हे. "कुजलं की काय रे हे?" असे आम्ही विचारले. तो हसला. ई-मेल जन्मली तेव्हा तिला फक्त इंग्रजी लिपी वाहता येत होती. १९९२ साली 'माइम' नावाचे नियम आले आणि इतर लिप्या, फोटो, कागदपत्रे गुंडाळून पाठवायची सोय झाली. आपले एक अक्षर म्हणजे संगणकाला तीन घरे. एक 'म' पाठवायचा तर 'ई-शून्य, ए-चार, ए-ई' अशा तीन खुणा जातात. पलीकडे पेटी उघडणारी लायब्ररी त्या गाठी सोडवते आणि आपल्याला 'म' दिसतो. पेटीतल्या कप्प्यांना मराठी नावे द्यायची तर जुन्या आयमॅपमध्ये तीही इंग्रजी अक्षरांच्या वेड्यावाकड्या गुंडाळीत ठेवली जात. २०२१ च्या नव्या नियमांनी ती सरळ लिहायची मुभा दिली. ई-मेलचा पत्ताच देवनागरीत असावा यासाठीचे नियम २०१२ साली ठरले आणि '.भारत' हे नाव २०१४ मध्ये मिळाले. पण सगळे सर्व्हर असा पत्ता अजून स्वीकारत नाहीत. दार उघडले आहे, उंबरठा ओलांडायचा आहे.

आम्हाला सर्वांत मोलाची वाटली ती या कामाची उघडी रीत. डव्हकॉटसारख्या लायब्ररीचा मजकूर कुणालाही वाचता येतो, वापरता येतो, सुधारता येतो. त्यासाठी पैसे मोजावे लागत नाहीत. पत्राची फाइल साध्या मजकुराची असते. सर्व्हर मोडला तरी ती दुसऱ्या संगणकावर नेता येते. एका डिप्लोमावाल्या मुलाला वीज आल्यावर एका रात्रीत पेटी सावरता आली याचे कारण हेच. ती बंद कुलपातली युक्ती असती तर त्याला मोठ्या कंपनीच्या माणसाची वाट पाहत बसावे लागले असते, आणि घाट तर बंद होता.

तेव्हा वाचकहो, चार गोष्टी मनावर घ्याव्यात असे आम्हाला वाटते. पहिली, घरातल्या प्रत्येक शिकत्या मुलामुलीचा स्वतःचा ई-मेल पत्ता असावा. मालकाने, क्लासने किंवा फॉर्म भरून देणाऱ्या केंद्राने दिलेल्या पत्त्यावर सगळा भार टाकू नये. नोकरी सुटली की तो पत्ताही सुटतो. दुसरी, पासवर्ड फॉर्म भरणाऱ्याच्या वहीत राहू देऊ नये. तो आपल्या घरच्या वहीत, आपल्या पेटीत असावा. तिसरी, महत्त्वाचे पत्र आले की त्याच दिवशी त्याची प्रत वेगळी साठवावी, जमल्यास छापून जातीच्या दाखल्याच्या आणि गुणपत्रिकांच्या पिशवीत ठेवावी. 'स्पॅम' नावाचा कप्पाही अधूनमधून पाहावा. बरीच बोलावणी तिथे गुपचूप पडून असतात.

चौथी गोष्ट मोठी आहे. आपली मुले संगणक शिकतात ती बहुधा टंकलेखन आणि बिले काढण्यापुरता. त्यांनी भटारखान्यापर्यंतही जावे. वस्तीतल्या अभ्यासिकेत एखादा जुना संगणक पडून असेल तर त्यावर लिनक्स चढवावे, डव्हकॉट बसवावा, एकमेकांना चार पत्रे पाठवावीत. मग तीन कप्पे उघडून पत्र कुठे सरकले ते पाहावे. यादी मुद्दाम काढून टाकावी आणि ती पुन्हा कशी उभी राहते ते पाहावे. खर्च विजेचा, शिकवणी उघड्या मजकुराची. यातून एखाद-दुसरा तरी अशा लायब्ररीची निगा राखणाऱ्यांत जाऊन बसेल. जगाला अशा माणसांची गरज आहे.

पुतणी आज त्या इस्पितळात कायम आहे. थोरल्याने हॉटेलच्या टेबलाखालचा संगणक बदलून घेतला, वीज गेल्यावर काही वेळ तग धरणारी बॅटरी जोडली आणि दर रात्री पेट्यांची दुसरी प्रत काढण्याची व्यवस्था केली. आता दर रविवारी वस्तीतली पाच-सहा मुले त्याच्याकडे शिकायला बसतात. त्यांत दोन मुली आहेत. त्यांतली धाकटी परवा त्याला विचारत होती, "सर, ही यादी बनवायची लायब्ररी आपण मराठीत समजावून लिहिली तर?" त्याने तिच्या हाती कोरी वही दिली आहे.